तुमचा निरोप कोणाच्या हातून जायचा? (अनुभव धागा)

आर्वीची सून

२०२५ मध्ये रजिस्टर पोस्ट हे स्पीड पोस्टात विलीन झालं. आमच्या पोस्टमनभाऊंनी ओट्यावर चहा पिता पिता ही बातमी सांगितली, तर सासूबाईंनी लगेच विचारलं, "मंग आता बँकेची नोटीस कशानं येईन?" खेड्यात रजिस्टरचा लखोटा म्हणजे दोनच गोष्टी: एक तर कर्जाची नोटीस, नाही तर पोराच्या नोकरीचा कॉल. पोस्टमन दारात दिसला की आधी त्याचा चेहरा पाहायचा, मग लखोटा.

त्यावरून विषय निघाला तो तारेवर गेला. १४ जुलै २०१३ ला शेवटच्या तारा घेतल्या गेल्या. मग ट्रंक कॉल, एसटीडी, पी.पी. नंबर (म्हणजे निरोपापुरता दिलेला शेजाऱ्याचा फोन), मनिऑर्डरच्या कुपनावरच्या दोन ओळी... यंत्रांबद्दल पुष्कळ लिहिलं गेलंय. मला विचारायचंय ते मधल्या माणसाबद्दल. आपल्याकडच्या खेड्यात निरोप सरळ कधी आलाच नाही. कोणीतरी वाचून दाखवला, कोणीतरी सायकलवर आणला, कोणीतरी खिशात ठेवला. तुमचा निरोप कोणाच्या हातून जायचा?

अट एकच. "काय गोड दिवस होते" असं लिहायचं असेल तर लिहा, पण सोबत न पोचलेला एक निरोपही लिहा. माणसांची नावं नकोत.

राळेगावकडचा

खिशात ठेवलेला निरोप म्हणालात, म्हणून लिहितो. आमच्या घरात यावर अजूनही भांडण होतं.

आत्याचं लग्न होतं, ऐन उन्हाळ्यात. मी लहान होतो, पण ही गोष्ट इतक्यांदा ऐकली आहे की पाहिल्यासारखी वाटते. आमच्या गावात तारघर नव्हतं. तालुक्याला तार यायची, ती डाकेच्या थैलीतून गावात. पोस्ट म्हणजे शाळेच्या गुरुजींच्या घरातली एक खोली. शाखा पोस्टमास्तर तेच. त्या दिवशी थैलीत आमच्या घरची तार होती. बल्लारशाला पेपर मिलमध्ये कामाला असलेले आत्याचे मामा पहाटे वारले होते.

आता आपल्याकडे नवरीला मांडवात आणतो तो मामा. सगळे त्यांचीच वाट पाहत होते. भटजी घाई करत होते, आजी म्हणत होती, "थांबा जरासक, एसटी लेट असन." गुरुजी मांडवात आले, तार कुडत्याच्या खिशात. आणि ते म्हणाले, "सुरू करा, मामा येतीन मागून." चुलतमामाने नवरीला आणलं, अक्षता पडल्या, गुरुजी पंगतीत बुंदी वाढायलाही उभे राहिले. तार त्यांनी दिली दुसऱ्या दिवशी, पाठवणी झाल्यावर. तोवर तिकडे सगळं आटोपलं होतं.

आजी गुरुजींशी मरेपर्यंत बोलली नाही. सख्ख्या भावाचं शेवटचं तोंड तिला पाहता आलं नाही. आजोबा मात्र ठामपणे गुरुजींच्या बाजूचे. "त्यानं तार दिली असती तर पोरीच्या अक्षता पडल्या असत्या का? वऱ्हाड वापस गेलं असतं." बल्लारशाच्या लोकांनी आमच्याकडे येणं सोडलं, कारण त्यांच्या लेखी तार पोचली होती आणि तरी कोणी आलं नव्हतं.

आत्याला हे सगळं फार उशिरा कळलं. ती एवढंच म्हणाली, "लग्न माहं होतं. मले इचारलं असतं तर मी थांबली असती." हे मात्र तोवर कोणाच्या डोक्यातच आलं नव्हतं.

वरोऱ्याचा

गुरुजी चुकले. तारेवर नाव ज्याचं, निरोप त्याचा.

कळंबची

वरोऱ्याच्या भाऊ, सोपं आहे बोलणं. वऱ्हाड दारात, स्वयंपाक झालेला, कर्ज काढून केलेलं लग्न. माझ्या बाबांनीही हेच केलं असतं. बरोबर होतं असं नाही म्हणत.

निवृत्त ऑपरेटर, संत्रापट्टा

मी ट्रंक ऑपरेटर होते, म्हणजे दूरगावचे फोन हातानं जोडून द्यायची. गावाचं नाव राहू द्या, वरूडकडचं समजा. पुढ्यात बोर्ड, त्यावर दोऱ्या आणि छिद्रं, कानाला हेडफोन. कॉल बुक करायचे तीन दर: ऑर्डिनरी, अर्जंट आणि लाइटनिंग. लाइटनिंग इतका महाग की एक तर मंत्री करायचा, नाही तर संत्र्याचा व्यापारी. आंबिया बहार तुटायला लागला की दिल्ली आणि कोलकात्याचे कॉल दिवसभर. तीन मिनिटं झाली की आम्ही मध्ये बोलायचो, "थ्री मिनिट्स, एक्स्टेंड करायचे का?" पुष्कळांचं महत्त्वाचं वाक्य नेमकं तेव्हाच सुरू झालेलं असायचं.

ऑपरेटरनं ऐकायचं नाही, हा नियम. पण लाइन खराब असली की ऐकल्याशिवाय काम होत नसे. दोघांनाही माझा आवाज जायचा, त्यांचा एकमेकांना जात नसे. मग मीच, "ते म्हणताहेत मुलगा झाला", "हे विचारताहेत वजन किती". बाळंतपणाच्या बातम्या मी कित्येक घरांना दिल्या आहेत, आणि त्या घरांना मी कोण हे ठाऊक नाही.

एकदा दिल्लीचा दर मीच मधून सांगितला. व्यापाऱ्याला आकडा नीट ऐकू येईना, म्हणून मी दोनदा म्हटला. ड्युटी संपवून घरी आले तर बाबा ओट्यावर खुशीत. त्याच व्यापाऱ्यानं आमची बाग मागितली होती, आणि बाबा जो भाव सांगत होते तो मी दुपारी ऐकलेल्या दराच्या मानानं फार कमी होता. ऐकलेलं बाहेर बोलायचं नाही, असं नोकरीला लागतानाच लिहून दिलेलं. मी भाकरी थापत राहिले. बाग गेली त्या भावात.

लोक विचारतात, पश्चात्ताप होतो का. नाही होत. त्या बोर्डावर अख्ख्या तालुक्याचे संसार माझ्या कानातून जायचे. एकदा तोंड उघडलं असतं तर परत कोणाचा विश्वास बसला नसता. आता भावाची पोरं मोबाइलवर कळमना मार्केटचे दर पाहतात. तरी बागेचा सौदा ठरतो तो व्यापारी म्हणेल तसाच, हा भाग वेगळा.

बूथवाले भाऊ, पुसद तालुका

मी पायानं अधू. अपंगांना एसटीडी बूथ देताना प्राधान्य होतं, त्यातून मले मिळाला. पिवळा बोर्ड, काचेची खोली, लाल आकडे पळणारं मीटर. लोक बोलताना समोरच्याकडे नाही, मीटरकडे पाहायचे. रात्री अकरानंतर पाव दर, म्हणून खरी गर्दी तेव्हाच. थंडीत शेकोटी करून लोक पाळीची वाट पाहत बसत.

पण माहा खरा धंदा येणाऱ्या फोनचा. आमच्या भागातले तांडेच्या तांडे ऊसतोडीले पश्चिम महाराष्ट्रात जातात. दसरा-दिवाळीच्या सुमाराले गेलेली माणसं उन्हाळ्यात वापस. तिकडून कारखान्याजवळच्या बूथवरून माह्या बूथले फोन यायचा, मी वहीत लिहायचो, पोऱ्या सायकलीनं तांड्यावर जायचा. निरोपाले दोन रुपये. फुकट नव्हतं, आणि फुकट करतो असं मी कधी म्हटलंही नाही.

वह्या ठेवल्या आहेत. परवा काढून पाहिल्या. काही नोंदी जशाच्या तशा देतो, नावं सोडून:

"पैसे धाडले. पोस्टात पाहा. म्हातारीले दवाखान्यात न्या."

"बाई बाळंत झाली. पोरगी. दोघी बऱ्या."

"होळीले येत नाही. मुकादम सोडत नाही."

"बैल मेला. मोठ्या भावाले सांगा. पैशाचं पाहा."

"पोराले शाळेतून काढू नका. मी येतो."

ज्याले निरोप पोचला त्याच्यापुढे बरोबरची खूण. बैलाच्या नोंदीपुढे खूण नाही, "घर बंद" लिहिलं आहे. शाळेच्या नोंदीपुढे काहीच लिहिलेलं नाही. पोऱ्या गेला होता का, नाल्याले पूर होता का, आता आठवत नाही. होळीच्या निरोपाचं सांगतो. बंजारा समाजात होळी म्हणजे वर्षाचा सण. तो निरोप घेऊन गेलं की पोऱ्याले कोणी पाणीही विचारत नसे. मग पोऱ्याच म्हणायचा, "भाऊ, होळीचा असन तर तुमीच सांगा." तांड्याचा नाईक बाजाराले आला की मी त्याच्या कानावर घालायचो, तो त्याच्या पद्धतीनं घरी सांगायचा.

२००३ साली मोबाइलचं इनकमिंग फुकट झालं आणि दोन-तीन हंगामांत बूथ बसला. आधी मीटर गेलं, मग रुपया टाकायचा डबा आला, मग तोही गेला. आता तिथंच रिचार्ज आणि आधारचं काम करतो.

दीक्षाभूमीवाला

वाचतो आहे सगळं. छान आहे, पण मधला माणूस कोण होता हेही लिहा ना. आमच्या गावात पहिला फोन पाटलाच्या वाड्यात आला. मुंबईहून काकाचा ट्रंक कॉल आला की वाड्यावरचा गडी गावाच्या टोकाला आमच्या वस्तीत यायचा, तोही त्याला सवड असली तर. मग आम्ही पळत जायचो. अंगणात उभं राहायचं, आत जायचं नाही. फोन ओसरीवर आणून ठेवायचे, तार पुरेल तेवढाच. तोवर तीन मिनिटं संपलेली. काका तिकडे पैसे मोजायचा आणि इकडे फक्त धापा टाकल्याचा आवाज ऐकायचा. बोललो तरी सगळा वाडा ऐकणार. आईनं एकदाच काकाला सांगितलं, "फोन करू नको, लिही."

पण आमच्याकडे फोनपेक्षा पक्की सोय होती. १४ ऑक्टोबर १९५६ नंतर दर विजयादशमीला नागपूरला दीक्षाभूमीवर सगळेच जातात. आमच्या कुटुंबाची एक जागा ठरलेली होती. मुंबईचे, बल्लारशाचे, भिलाईचे, गावचे, सगळे तिथं यायचे. तारीख कळवायची गरज नाही, पत्ता विचारायची गरज नाही. पोरगी दाखवणं, भावाभावांचं भांडण मिटवणं, कोणाचं पोरगं बारावीला किती मार्कांनी पास झालं, सगळं तिथंच, शिदोरी सोडून बसल्यावर. कोणी आलं नाही तर समजायचं, काहीतरी झालंय, आणि आल्यागेल्याबरोबर चौकशी पाठवायची. कोणी चुकलं तर लाउडस्पीकरवर गावाचं नाव पुकारलं जायचं.

आता सगळ्यांच्या खिशात फोन. "पोचलो की कॉल कर" असं म्हणून निघतात. तिथं लाखोंची गर्दी, कॉल लागत नाही. गेल्या खेपेला आम्ही आणि चुलतभावाचं कुटुंब एकाच मैदानात होतो आणि भेटलो नाही. त्याचा मेसेज मला बुटीबोरी ओलांडल्यावर दिसला. मी त्याला म्हटलं, पुढच्या वेळी जुन्या जागेवर ये. तर त्याच्या पोराला ती जागाच माहीत नाही.

वणीची

दीक्षाभूमीवाले भाऊ, अंगणातल्या फोनचं आमच्याकडेही तसंच होतं. माझी आई मात्र म्हणायची, बरं होतं बाई, रडायचं असलं तरी घरी येऊन रडावं लागे.

हॉस्टेलचं पोट्टं

छोटासा. तालुक्याला शिकायला होतो, खोली करून. आई सकाळच्या मुक्कामी गाडीनं डबा पाठवायची, कंडक्टरजवळ. स्टँडवर डब्यांची रांग असायची, ज्याचा त्यानं ओळखून उचलायचा. पोळ्यांखाली चिठ्ठी: "आज भाजी खारट झाली, बाबांले सांगू नको" किंवा "शनवारी ये, काका येऊन राहिले". एकदा कोणीतरी माझा डबा नेला, त्याचा मला राहिला. त्याच्या आईची चिठ्ठी वाचली: "फीचे पैसे बुधवारी पाठवतो, सरांले हात जोडून सांग." ती चिठ्ठी घडी करून रिकाम्या डब्यात ठेवली, डबा स्टँडवर परत नेऊन ठेवला. त्या पोट्ट्याला मी ओळखायचो. आजही बोललो नाही त्याच्याशी यावर.

मेहकरची नात

बाबा फौजेत होते. आजीला लिहिता येत नव्हतं, आणि दुसऱ्याकडून पत्र लिहून घ्यायला ती लाजायची. "पोराले काय सांगाचं ते शेजारच्याले काहून सांगू?" मग बाबा सुट्टीवर येताना टेपरेकॉर्डर घेऊन आले आणि कोऱ्या कॅसेटी. रेकॉर्ड आणि प्ले अशी दोन्ही बटणं एकदम दाबायची, हे आजीला शिकवलं. बटणांवर आईनं कुंकवाचे ठिपके दिले होते.

आजी टेपशी बोलायची ती बाबा समोर बसल्यासारखी. "जेवतं ना वेळेवर?" असं विचारायची आणि थांबायची. उत्तर द्यायला जितका वेळ लागेल तितका वेळ. मग "हं" म्हणायची आणि पुढचा प्रश्न. कॅसेट पार्सलनं जायची. बाबा सांगायचे, बराकीत ते कॅसेट लावून त्या थांब्यांमध्ये खरोखर उत्तरं द्यायचे. सोबतची पोरं आधी हसायची, मग तीही येऊन बसायला लागली. एका तेलुगू जवानाला मराठीचा गंध नव्हता, पण "जेवतं ना?" नंतर तोही "हां मां" म्हणायचा.

आजी गेली. कॅसेटी राहिल्या, त्यांनाही बुरशी धरली. एका कॅसेटवर गावातल्या कोणीतरी भजन भरलं होतं, ती गेलीच. उरलेल्या मी शहरात एका दुकानात मोबाइलवर घेण्यासाठी दिल्या. दुकानातल्या पोरानं मनापासून काम केलं. खरखर काढली, आवाज उठवला आणि, "ताई, मधी मधी लय ब्लँक होतं, ते पण काढून टाकलं, फाइल लहान झाली."

आता आजी सलग बोलते. जेवतं ना वेळेवर थंडी हाये का तिकडं पाय दुखते का अजून. बाबांनी एकदा ऐकलं, परत लावायला सांगितलं नाही. मूळ टेप त्या कामात तुटली. दुसऱ्या दोन शिल्लक आहेत. कोणाला खात्रीचं माणूस माहीत असेल तर सांगा, आणि त्याला आधीच सांगायचं काय तेही.

वर्धेचा टेपवाला

मेहकरच्या ताई, उरलेल्या दोन आता कोणत्याही प्लेअरमध्ये लावूच नका. बुरशी असलेली पट्टी हेडला चिकटते आणि ओढून तुटते. आधी हाताने साफ करून, गरज पडली तर पट्टी दुसऱ्या खोक्यात बसवून मगच चालवतात. आणि दुकानदाराला लिहून द्या: पूर्ण बाजू सलग, काहीही न कापता, न सुधारता. खरखर राहू द्या. सुधारलेली प्रत वेगळी करता येते, कापलेलं परत येत नाही.

भामरागडला होतो

मास्तर म्हणून पहिली नेमणूक. पावसाळ्यात पर्लकोटा नदी पुलावरून वाहायला लागली की भामरागड तुटायचं. आठवडा-आठवडा डाक नाही. पूर उतरला की सगळी पत्रं एकदम यायची, आणि क्रम कोणी लावलेला नसायचा.

नवीन लग्न झालेलं. बायको माहेरी, साकोलीकडे. एका पुरानंतर तिचं एकच आंतरदेशीय पत्र हाती आलं. पहिली ओळ: "मागच्या पत्रात रागाच्या भरात जे लिहिलं ते मनावर घेऊ नये." मागचं पत्र मला मिळालंच नव्हतं! पुढच्या पुरापर्यंत मी फक्त त्या न वाचलेल्या पत्राचा विचार केला. काय लिहिलं असेल? माझ्या आईवरून? नोकरीवरून? येतच नाही म्हणाली असेल? मी तिला उत्तर लिहिलं, "मनावर घेतलं नाही." दुसरं काय लिहिणार?

ते पत्र कधीच आलं नाही. बायको आज शेजारच्या खोलीत टीव्ही पाहत आहे. दरवर्षी विचारतो. म्हणते, "मनावर घेतलं नाही ना? मंग झालं तर."

धारणीची आशा वर्कर

तुम्ही सगळे जुनं लिहून राहिले, मेळघाटात हे अजून चालू आहे. आमच्या गावात रेंज फक्त शाळेमागच्या दगडावर. मिस्ड कॉलची खूण सगळ्यांना पाठ होती. एक रिंग, पोचलो. दोन, दगडावर ये, बोलायचं आहे. वाजतच राहिली तर उचल, काम दवाखान्याचं आहे. पैसा लागत नव्हता. कोरकू बोलणाऱ्या म्हाताऱ्या बायांना मराठी-हिंदी येत नाही, पण रिंग मोजता येत होती.

मग रिचार्जचे नियम बदलले. बॅलन्स असला तरी मुदतीचं रिचार्ज मारलं नाही तर इनकमिंगही बंद. परतवाड्याकडे वीटभट्टीवर गेलेल्या एका बाईला सातवा महिना होता. मी रोज दगडावर जाऊन फोन लावायची, तिकडून तीच टेप: सेवा बंद आहे. फोन तिच्याजवळ होता, चार्ज होता, टॉर्च म्हणून वापरत होती. माझा फोन येत नाही म्हणून ती समजली की मी विसरली. शेवटी भाजीच्या गाडीवाल्याकडून निरोप पाठवला, तो पोचला. बाळंतपण नीट झालं.

एक चांगलंही लिहिते. ज्या घरात टच फोन आला तिथं आवाजाचे मेसेज सुरू झाले. कोरकूत बोलायचं, पाठवायचं. लिहिता न येणाऱ्यांना याच्याइतकी सोय आजवर कशानंच केली नाही. मेहकरच्या ताईची आजी आज असती तर कुंकवाचा ठिपका स्क्रीनवर दिला असता.

राळेगावकडचा

बूथवाले भाऊ, एक विचारू? "पोराले शाळेतून काढू नका" ही नोंद कोणत्या साली आहे? आमच्या शाळेत दिग्रसकडच्या तांड्यावरचा एक मुलगा मध्येच सोडून गेला होता. त्याचे वडील मे महिन्यात येऊन गुरुजींशी भांडले होते की मी निरोप दिला होता.

बूथवाले भाऊ, पुसद तालुका

वहीवर साल नाही, फक्त तारीख-महिना. पण कव्हरवर कॅलेंडर चिकटवलेलं आहे त्यावरून १९९८ दिसते. दिग्रसकडचे निरोप माह्याकडे थोडेच येत, तिकडे दुसरा बूथ होता. तरी तांड्याचं नाव इथं लिहू नका, मले वेगळं कळवा. बाकी कोणाले पाहायचं असेल तर गाव आणि हंगाम सांगा. तिसरी वही पावसात भिजली आहे, तिच्यातली पानं चिकटली, ती सध्या उघडत नाही.